जोडामागे पंचवीस

बाबांच्या दुकानाचं काय करायचं ते दादाने तीन रंगांत ठरवून आणलं होतं. हिरवं म्हणजे ठेवायचं, पिवळं म्हणजे विचार करायचा, लाल म्हणजे टाकायचं. जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप उघडा होता, समोर आई मटार सोलत होती आणि स्क्रीनवर बाबांचं चाळीस वर्षांचं काम लालभडक दिसत होतं. हिरव्यात एकच ओळ होती, शिलाईचं मशीन. त्याला गिऱ्हाईक मिळालं होतं. म्हणजे दादाच्या भाषेत 'ठेवायचं' याचा अर्थही 'विकायचं' असाच होता.

बाबांना जाऊन सोळा दिवस झाले होते. दुकान भाड्याचं होतं आणि महिनाअखेर रिकामं करून द्यायचं होतं.

बाबा बूट बनवत, पण बाजारातला बूट ज्यांच्या पायात जात नाही अशा माणसांचे. कुणाचा एक पाय आखूड, कुणाची टाच वर ओढलेली, कुणाची अपघातात बोटं गेलेली, कुणाचं पाऊल नुसतंच वयाने वेडंवाकडं झालेलं. असं माणूस आलं की बाबा त्याच्या दोन्ही पावलांची मापं घेत आणि पुढचे दोन आठवडे टणक लाकडाचा ठोकळा कानशीने घासत बसत, त्या माणसाचं पाऊल हुबेहूब उतरेपर्यंत. याला फर्मा म्हणतात. चामडं ओढून बसवायचं ते या फर्म्यावर. माणसाचा सांधा सुजला, हाड वाढलं, की बाबा फर्म्यावर त्या जागी चामड्याचा तुकडा चिकटवत आणि फर्म्यालाही तेवढं म्हातारं करत. फर्म्यावर नाव लिहायची त्यांची पद्धत नव्हती. 'टपालवाल्या बाई.' 'पाणी खात्यातले, उजवा घोटा आत.' 'बासरीवाले, घाई करतात.'

असे तीनशे अठ्ठेचाळीस जोड दुकानाच्या भिंतींवर होते. छत्तीस आधीच हलवले होते, राहिले तीनशे बारा. ते न्यायला एक माणूस तयार होतं. बाबांच्या हाताखाली एकोणतीस वर्षं वरचं चामडं शिवणाऱ्या मावशी. त्या लांबच्या एका गावाहून रोज बसने येत. आता त्यांच्या जावयाने गॅरेजची अर्धी जागा त्यांना दिली होती. मावशींना फर्म्यावर बूट चढवता येतो, फर्म्याला ठिगळही लावता येतं. नवा फर्मा कोरता येत नाही. तो हात बाबांचा होता. म्हणजे फर्मे गेले की जवळजवळ तीनशे माणसांचे बूट गेले, आणि ते पुन्हा करून देणारं आता कोणी नव्हतं. हे समजायला तीन रंग लागत नाहीत.

"हे बघ आई," दादा म्हणाला, "भावना जरा बाजूला ठेवून बघू."

आईने सोललेल्या शेंगेचं साल बाजूला ठेवलं.

"बाबा दवाखान्यात असताना टेम्पोने मावशींकडे दहा जोड पाठवले. सतराशे पन्नास लागले. म्हणजे जोडाला एकशे पंच्याहत्तर. गेल्या आठवड्यात सव्वीस पाठवले, एकवीसशे पन्नास. म्हणजे जोडाला त्र्याऐंशीच्या आत-बाहेर."

"मग खरा दर कोणता?" मी विचारलं.

"दोन्हींची सरासरी." मी काहीतरी बाळबोध विचारलं अशा सुरात तो म्हणाला. "एकशे एकोणतीसला थोडे कमी. गुणिले तीनशे बारा. चाळीस हजार दोनशे. त्यात दहा टक्के अनपेक्षित खर्च धर. चव्वेचाळीस हजार दोनशे वीस."

शेवटचे ते वीस ऐकून मी हबकले. पस्तीस हजारांनी चुकलेला माणूस वीसपर्यंत येऊन थांबला की सगळे त्याच्यावर विश्वास ठेवतात. आईने ठेवलाच. तिच्या चेहऱ्यावर मला ते दिसलं. चव्वेचाळीस म्हटल्यावर तिचे हात शेंगांवरच थांबले.

"नाकापेक्षा मोती जड," दादा म्हणाला. हे वाक्य तो घरून पाठ करून आला असावा. "लाकूडवाला मंगळवारी येतोय. सगळं घेऊन जाईल, उलट वर दोन-तीन हजार देईल. बेकरीच्या भट्टीला असलं सुकं लाकूड फार चालतं."

"भट्टीला," आई म्हणाली. तिने प्रश्न केला नव्हता, नुसता शब्द उचलून बघितला होता.

दादा एका मोठ्या कंपनीत खर्चाचे अंदाज काढतो. त्याच्या अंदाजांवर म्हणे तिथे गोदामं बांधतात आणि पाडतात. पुष्कळशी पाडत असावेत. या घराची चूल चाळीस वर्षं एकाच समीकरणावर पेटत होती. बाबा गिऱ्हाइकाकडून फर्म्याचे पैसे एकदाच घेत, पहिल्या जोडाच्या वेळी; पुढे जेवढे जोड लागतील तेवढे नुसते चामड्याचे आणि शिलाईचे. एकदाचं वेगळं, दर वेळचं वेगळं. बाबांची शाळा सातवीत सुटली होती आणि हे त्यांनी कुठल्या पुस्तकात वाचलं नव्हतं. त्या पैशांवर शिकून मोठा झालेला त्यांचा मुलगा मात्र एकदाचा खर्च दर वेळच्या खर्चात कालवून त्याची सरासरी काढत होता.

दादाची टर उडवायचा मला फारसा अधिकार नाही, हेही सांगून टाकते. बाबांच्या आजारपणाच्या सात महिन्यांत मी दोनदा आले. मी राहते तिथून येण्याचा खर्च तेवढाच, दोन दिवस राहा नाहीतर दहा. मी दोन्ही वेळा दोनच दिवस राहिले. हिशेब मला येत होता, हेच त्यातलं वाईट.

"बिलं आहेत का?" मी विचारलं.

"आहेत. स्कॅन केलीत."

"मग तुझ्याच आकड्यांवर जाऊ. दहा जोडांपेक्षा सव्वीस जोड कितीने जास्त?"

"आता तू मला गणित शिकवणार. तू कथा-कादंबऱ्या शिकलीस ना?"

"हो. त्यामुळे शेवटच्या पानापर्यंत वाचायची सवय आहे. कितीने जास्त?"

"सोळाने."

"आणि पैसे कितीने जास्त लागले?"

तो स्क्रीनकडे वळला. आईच म्हणाली, "चारशेने."

"सोळा जोड वाढले तर चारशे वाढले. म्हणजे एक जोड वाढला की पंचवीस." त्याच्या छापील कागदाच्या पाठीवर मी पेन्सिलीने लिहीत होते, आईला दिसेल असं. "मग पहिल्या वेळी दहा जोडांचे झाले अडीचशे. पण घेतले सतराशे पन्नास. वरचे दीड हजार कशाचे?"

"कशाचे?" आईने विचारलं.

"गाडीचे. गाडी एका जोडासाठी हलली तरी दीड हजार, शंभरांसाठी हलली तरी दीड हजार. आता दुसरं बिल लावून बघ. सव्वीस गुणिले पंचवीस, साडेसहाशे. त्यात दीड हजार. एकवीसशे पन्नास. जमलं. एकूण म्हणजे गाडीचे दीड हजार, अधिक जोड गुणिले पंचवीस. तीनशे बारा जोडांचे सात हजार आठशे, आणि गाडीचे दीड. नऊ हजार तीनशे."

आईने कागद स्वतःकडे ओढला आणि चष्मा न लावता हाताभरावर धरून वाचला.

"हे झालं कागदावरचं," दादा म्हणाला. "प्रत्यक्षात दर असे सरळ रेषेत जात नसतात. माझ्याकडे प्रत्यक्ष डेटा आहे."

"डेटा म्हणजे ती दोन बिलंच ना?"

"हो, पण त्यांचं विश्लेषण केलेलं आहे."

विश्लेषण केलेल्या माणसाशी वाद घालणं म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी. मी टेम्पोवाल्याला फोन लावला आणि सगळ्यांना ऐकू येईल असा टेबलावर ठेवला.

"तेच की ताई," टेम्पोवाला म्हणाला. मागे कुठेतरी हॉर्न वाजत होते. "गाडी हलवायचे दीड हजार. मग जोडामागे पंचवीस, गुंडाळून, चढवून, उतरवून. मावशींना माहितीये."

"तीनशे बारा जोड एका खेपेत मावतील?"

"अख्खी माणसं असती तर अवघड होतं. नुसते पाय आहेत. मावतील."

"हे तुम्ही दादाला सांगितलं नव्हतं?"

"साहेबांनी विचारलं नाही. त्यांनी पावती मागितली, पावती दिली."

फोन बंद झाल्यावर दादा म्हणाला, "बिलावर फोड करून दिलेली नव्हती." एवढ्या वर्षांच्या अनुभवाचं सार त्याने या एका वाक्यात आणलं होतं. ज्याची फोड दुसऱ्याने करून दिलेली नसते, त्याचं काय करायचं हे त्याच्या कंपनीत कोणाला माहीत नसावं.

मला वाटलं, संपलं. माझ्या वाचनाचा उपयोग एवढाच, की गोष्ट कुठे संपायला हवी ते मला कळतं आणि ती तिथे संपत नाही याचं दर वेळी नवल वाटतं.

"नऊ हजार तरी कशाला?" दादा म्हणाला. त्याचा आवाज थोडा चढला होता. "मावशी चौसष्ट वर्षांच्या आहेत. दोन वर्षं करतील, तीन वर्षं करतील. मग ती लाकडं पुन्हा कोणाच्या तरी गळ्यात. कशासाठी सांभाळायचे हे असले पाय? बघवत नाही त्या भिंतीकडे. दुकानात शिरलं की सगळीकडे वाकडं-तिकडंच."

"म्हणजे प्रश्न पैशांचा नव्हता तर," मी म्हटलं.

"पैशांचाच आहे."

आईने मटाराचं भांडं बाजूला सारलं. "त्या तीनशे बारांत तुझे किती?" तिने विचारलं.

या घरात ही गोष्ट सगळ्यांना माहीत होती आणि कोणी बोलत नव्हतं. दादाचा डावा पाय जन्मापासून दीड इंच आखूड आहे. तो चौथ्या वर्षापासून बाबांच्या बुटांत चालत आला. तो वाढत गेला तसे फर्मेही वाढत गेले. सगळे दुकानाच्या अगदी खालच्या फळीवर एका जुन्या पडद्यामागे ठेवलेले असत. तो पडदा कॉलेजात असताना त्यानेच लावला होता. दोन वर्षांपूर्वी त्याने बाबांचे बूट घालणं बंद केलं. आता तो बाजारातले चकचकीत बूट घालतो आणि डाव्यात आतून जाड गादी सरकवतो. संध्याकाळी जिन्याचा कठडा धरून चढतो. काय झालं विचारलं तर म्हणतो, खुर्ची बदलायला हवी.

"मी मोजले नाहीत," तो म्हणाला.

त्याच्या तक्त्यात हातोड्या मोजलेल्या होत्या, डिंकाचे डबे मोजलेले होते, खिळ्यांचं वजन होतं.

"चौदा," आई म्हणाली. "मी मोजलेत. हे बघ, तुला द्यायचेच असतील लाकूडवाल्याला, तर दे. माझी ना नाही. पण मंगळवारी तू स्वतः दुकानात ये. ते चौदा आधी तुझ्या हाताने काढ आणि त्याच्या हातात दे. मग बाकीच्यांचे देऊ. दुसऱ्यांचे पाय आधी नकोत."

दादाने लॅपटॉप मिटला, पुन्हा उघडला, पुन्हा मिटला.

"बोलवा तुमचा टेम्पो," शेवटी तो म्हणाला. "पण यापुढे मला काही विचारू नका."

दुपारी तो बाल्कनीत फोनवर कोणाला तरी सांगत होता, "चव्वेचाळीसचं काम नऊवर आणलं. जरा बसून आकडे बघावे लागतात." मी आत कपडे वाळत घालायची दोरी सोडवत होते. मला राग आला नाही. अशा माणसाला चुकायला मुळात परवानगीच नसते. त्याच्या चुकासुद्धा बचतीच्या रकान्यात जातात.

बुधवारी सकाळी आम्ही दुकान उपसलं. मावशी पहिल्या बसने आल्या होत्या. टेम्पोवाला फर्मे खाली उतरवून द्यायचा, मी जोड लावून सुतळीने बांधायची, मावशी जुन्या वर्तमानपत्रात गुंडाळून बाहेरून खुणेचा शब्द लिहायच्या.

"ह्या बाई अजून आहेत का?" मी 'टपालवाल्या' बांधत विचारलं.

"आहेत म्हणजे? दोनदा फोन केलाय मला. म्हणतात, मावशी, तुम्ही मेलात तर आधी कळवा."

"आणि हे घाई करणारे?"

"ते गेले. पण बायको म्हणाली, फर्मा ठेवा. का, ते मी विचारलं नाही. ठेवायचा म्हणजे ठेवायचा." त्यांनी तो जोड इतरांसारखाच गुंडाळला.

बाबांबद्दल त्या काही बोलल्या नाहीत. एकदा एका फर्म्याच्या टाचेवरून अंगठा फिरवत म्हणाल्या, "ही जागा बघ. इथे त्यांचा हात थरथरलाय. दोन वर्षांपूर्वीची आहे. तेव्हाच आपल्याला कळायला हवं होतं." आणि मग, "बांध, बांध. टेम्पोवाल्याचं मीटर नाही, पण पोट आहे."

अकराच्या सुमारास दादा आला, ऑफिसच्या कपड्यांत, गाडीची किल्ली बोटावर फिरवत.

"या साहेब," मावशी म्हणाल्या. "दुकानाचा पत्ता सापडला म्हणायचा."

"किती झाले?"

"दोनशे अठ्ठ्याण्णव. तुमचेच राहिलेत."

तो त्या फळीपाशी गेला. खाली बसताना त्याला भिंतीचा आधार घ्यावा लागला. पडदा बाजूला करून त्याने एकेक जोड बाहेर काढला आणि फरशीवर लावला. सगळ्यात छोटा माझ्या तळहाताएवढा होता. प्रत्येकावर बाबांच्या अक्षरात एकच शब्द होता, 'आपला'; पुढे वय. आपला, चार. आपला, पाच. आपला, सात. मध्ये सहा का नाही, ते आता विचारायला कोणी नव्हतं.

तेरा जोड त्याने तीन पिशव्यांत भरून स्वतःच्या गाडीत नेऊन ठेवले. त्यासाठी त्याने तीन खेपा केल्या आणि कोणाला हात लावू दिला नाही.

"काय करणार आहेस त्यांचं?" मी विचारलं.

"माझं मी बघेन."

"भट्टीत?"

"माझं मी बघेन म्हटलं ना."

चौदावा जोड फरशीवरच होता. दादाने तो उचलला आणि मावशींसमोर धरला. "हा तुमच्याकडे राहू दे."

मावशींनी डावा फर्मा उलटासुलटा करून बघितला. "हा जुना झाला. गादी घालून चालताय ना? मग पाऊल बाहेरच्या बाजूला पसरलं असणार. बूट काढा."

"इथे? आत्ता?"

"मग काय ऑफिसात येऊ?"

दादाने माझ्याकडे बघितलं. त्याच्याबद्दल माझ्याकडे निदान चार वाक्यं तयार होती आणि चारही चांगली होती. मी सुतळीचं बंडल उचललं आणि बाहेर टेम्पोपाशी जाऊन उभी राहिले.

दहा-बारा मिनिटांनी तो बाहेर आला. डाव्या बुटाची नाडी सुटलेली होती. मावशींनी शेवटचा जोड गुंडाळून टेम्पोत ठेवला आणि स्वतः पुढे ड्रायव्हरशेजारी चढून बसल्या.

"दोनशे नव्व्याण्णव," टेम्पोवाला म्हणाला. "नऊ हजार द्या साहेब, सुटे नाहीत माझ्याकडे."

"आठ हजार नऊशे पंच्याहत्तर," दादा म्हणाला.

लॅपटॉप घरी होता. सरासरी नाही, दहा टक्के नाहीत. इतके दिवस त्याला हे येत नव्हतं असं मी धरून चालले होते.

"पंचवीससाठी काय साहेब."

"हिशेब म्हणजे हिशेब." त्याने पाकिटातून नोटा मोजल्या, खिशातून नाणी काढली, तीही मोजली. टेम्पोवाल्याने हसून सगळं शर्टाच्या खिशात टाकलं आणि गाडी सुरू केली.

दुकानात आता नुसत्या फळ्या होत्या. किल्ली मालकाकडे द्यायची होती. दादाने दार ओढून घेतलं, कुलूप लावलं, खेचून बघितलं.

"मावशींच्या गावाला जायला किती वेळ लागतो?" त्याने विचारलं.

"दीड तास."

"म्हणजे जाऊन-येऊन अर्धा दिवस गेला."

"एकदाच जायचंय तुला. बूट घालून बघायला."

"दोनदा," दादा म्हणाला. "पहिल्यांदा कधीच बसत नाही. बाबांचासुद्धा बसायचा नाही."